कार्डावरचे गोल आकडे

दहा बाळंतिणींची माता-बाल संरक्षण कार्डं शेजारी शेजारी मांडा आणि फक्त रक्तदाबाची ओळ वाचा. ११०/७०, १२०/८०, ११०/७०, १२०/८०. पुढचं कार्ड, पुन्हा तेच. विदर्भाच्या खेड्यापाड्यांत अशी कार्डं सापडायला फार शोधाशोध करावी लागत नाही. आता जरा हिशेब करू. पाऱ्याच्या किंवा काट्याच्या यंत्रावर रक्तदाब दोन-दोनच्या टप्प्यानं वाचतात. म्हणजे आकड्याच्या शेवटी ०, २, ४, ६, ८ यांतलं काहीही यावं, शून्य पाचातून एकदा. दहा कार्डांवर चार-चार नोंदी, वरचे-खालचे धरून ऐंशी आकडे, आणि ऐंशीच्या ऐंशी शून्यावर संपणारे? असा रक्तदाब बाईच्या दंडातून येत नाही, पेनातून येतो.

राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षणाच्या पाचव्या फेरीत (२०१९-२१) महाराष्ट्रातली ९४.७ टक्के बाळंतपणं दवाखान्यात झालेली दिसतात. त्याच सर्वेक्षणात राज्यातल्या गरोदर बायांपैकी ४५.७ टक्के रक्तक्षयी निघाल्या. हे दोन आकडे शेजारी ठेवले की गोम कळते. बाई दवाखान्याच्या दारापर्यंत आली. नऊ महिन्यांत तिच्या रक्तात मात्र काही भर पडली नाही. तरीही आढावा बैठकीत विचारतात ते एवढंच: नोंदणी किती, चार तपासण्या पूर्ण किती, दवाखान्यात बाळंतपणं किती. हे प्रश्न वीस वर्षांपूर्वी योग्य होते. आज बाळ दीड-पावणेदोन किलोचं जन्मतं ते तपासणी झाली नाही म्हणून कमी वेळा, आणि तपासणीत दिसलेल्या आकड्यावर पुढं कुणी काही केलं नाही म्हणून जास्त वेळा. सरकारनं हजेरी मोजणं थांबवून आकड्यानंतर काय झालं ते मोजायला लागावं, असं माझं म्हणणं आहे.

सुरुवात तारखेपासून करावी लागते, कारण पुढचा सगळा हिशेब तिच्यावर चालतो. शेवटच्या पाळीच्या पहिल्या दिवसात नऊ महिने सात दिवस मिळवले की बाळंतपणाची अंदाजे तारीख निघते. पण गावात पाळी कॅलेंडरावर लक्षात राहत नाही, सणावर राहते. ‘पोळ्याच्या आठ दिवस आधी’, ‘जिवतीच्या आसपास’, ‘होळी झाली अन् मंग’. ही माहिती अगदी पक्की असते, फक्त तिचं तारखेत रूपांतर करणारा पक्का हवा. २०२३ साली अधिक श्रावण आला म्हणून पोळा १४ सप्टेंबरला पडला; २०२५ साली तो २२ ऑगस्टला आला. तीन आठवड्यांचा फरक. सिस्टरनं भलत्याच वर्षीचा पोळा डोक्यात धरून तारीख टाकली, तर कागदावरचं बाळ तीन आठवड्यांनी मोठं नाहीतर लहान होतं.

त्यानं काय बिघडतं? तेहतिसाव्या आठवड्यात कळा सुरू झालेली बाई कागदावर छत्तीस आठवड्यांची दिसते. मग तिला डेक्सामेथासोन कुणी देत नाही. बाळ चोवीस ते चौतीस आठवड्यांच्या दरम्यान येऊ घातलं असेल तर आईला ६ मिलिग्रॅमचं हे इंजेक्शन दर बारा तासांनी, असे चार डोस द्यायचे असतात. बाळाच्या फुफ्फुसातले बारीक फुगे श्वास सोडताना मिटून चिकटू नयेत, यासाठी लागणारा द्रव त्यामुळे लवकर तयार होतो. वर पाठवण्याआधी पहिला डोस आरोग्यसेविकेनं उपकेंद्रातच द्यावा, अशी केंद्राची मार्गदर्शक सूचना आहे. इंजेक्शन स्वस्त आहे, फ्रीज लागत नाही. अडतं ते तारखेपाशी. आणि तारीख माहीत नाही म्हणून सरसकट सगळ्यांना टोचणं हाही उपाय नाही. पूर्ण दिवसांच्या बाळाला त्याचा फायदा नाही, आणि जंतुसंसर्ग असलेल्या आईला त्रास होऊ शकतो.

उपाय दोन. उपकेंद्राच्या भिंतीवर मागच्या-पुढच्या तीन वर्षांच्या सणांच्या तारखांचा एक कागद, पोळा, जिवती, अखाडी, दिवाळी, संक्रांत, होळी, अक्षय्य तृतीया. त्याला शासन निर्णय लागत नाही. दुसरा, तेरा-चौदा आठवड्यांच्या आत एक सोनोग्राफी. तेव्हा बाळाची लांबी मोजून काढलेली तारीख आठवडाभराच्या आत खरी ठरते. सातव्या-आठव्या महिन्यातल्या सोनोग्राफीत हीच चूक तीन आठवड्यांपर्यंत जाते, म्हणून उशिराच्या रिपोर्टवरून आधीची तारीख खोडायची नसते. ती खोडली जाते, हे वेगळं सांगायला नको.

लवकर नोंदणी होत नाही याचं कारण बहुतेकदा ‘तीन महिने कुणाला सांगायचं नाही’ ही रीत. दृष्ट लागेल म्हणून. या रीतीवर चिडून उपयोग नाही, तिच्या अलीकडे जावं लागेल. बाळाच्या मेंदू-मणक्याची नळी गर्भ राहिल्यापासून अठ्ठावीस दिवसांत मिटते, म्हणजे पाळी चुकल्यावर जेमतेम दोन आठवड्यांत. आशाताईला बातमी कळून ती फॉलिक ॲसिड घेऊन जाईपर्यंत हा खेळ संपलेला असतो. रोजची ४०० मायक्रोग्रॅमची गोळी लग्न झालेल्या मुलीच्या हातात दिवस जाण्याआधी पडायला हवी. नवविवाहित जोडप्यांची यादी आशाताईकडं असतेच. आज ती पाळणा लांबवण्याच्या कामी येते, या कामीही आली पाहिजे.

आता रक्ताकडं येऊ. इथं जरा थांबायला हवं, कारण विदर्भातल्या हलक्या बाळांचा मोठा वाटा याच एका आकड्याशी येऊन थांबतो.

हिमोग्लोबिन मोजायची साहलीची पद्धत अजून अनेक ठिकाणी चालते. काचेच्या नळीत सौम्य हायड्रोक्लोरिक आम्ल खालच्या खुणेपर्यंत घ्यायचं. बोट स्पिरिटनं पुसून वाळू द्यायचं, सुई टोचायची, पहिला थेंब पुसून टाकायचा आणि दुसऱ्या थेंबातून पिपेटनं बरोबर २० मायक्रोलिटर रक्त ओढायचं. ते आम्लात सोडून दहा मिनिटं थांबायचं. मग थेंब-थेंब पाणी घालत रंग शेजारच्या काचेशी जुळवायचा आणि आकडा वाचायचा. यात चुकायच्या जागा पुष्कळ. बोट दाबून रक्त काढलं की त्यात अंगातलं पाणी मिसळतं आणि आकडा खाली येतो. दहा मिनिटांऐवजी दोन मिनिटांत वाचलं की रंग पुरता चढलेला नसतो, आकडा पुन्हा खाली. तुलनेची काच जुनी होऊन फिकी पडली असेल तर रक्त जास्त आहे असं वाटतं. डिजिटल यंत्रानं यातलं बरंच टळतं, पण त्याच्या पट्ट्यांची वेगळी दुखणी. डबीचं झाकण उघडं राहिलं की पट्टी ओल धरते. आणि मे महिन्यात पंचेचाळीस अंशांत दुचाकीच्या डिकीत फिरलेली डबी कुठला आकडा दाखवेल, ते तिचं तिलाच ठाऊक. डबीवर कमाल तापमान छापलेलं असतं. ते वाचून साठा कुठं ठेवायचा हे ठरवणारा माणूस साखळीत कुणी नाही.

समजा आकडा नीट आला, ८.६. पुढं? चौथ्या महिन्यापासून प्रत्येक गरोदर बाईला रोज एक लाल गोळी, ६० मिलिग्रॅम लोह आणि ५०० मायक्रोग्रॅम फॉलिक ॲसिड, १८० दिवस. बाळंतपणानंतर आणखी १८० दिवस. ११च्या खाली आकडा असेल तर रोज दोन. दुसऱ्या तिमाहीत जंतासाठी अल्बेंडाझोल ४०० मिलिग्रॅम एकदाच. हे सगळ्यांना पाठ आहे. सुटतं ते यापुढचं वाक्य: महिन्यानं पुन्हा मोजायचं, आणि आकडा किमान १ ग्रॅमनं चढला नसेल तर का, ते शोधायचं.

का-ची उत्तरं ठरलेली आहेत. गोळी घेतलीच नाही, कारण मळमळ होते, संडास काळी होते आणि ‘या गोळ्यांनी बाळ मोठं होते, मंग सिझर करा लागते’ असं शेजारणीनं सांगितलं. किंवा घेतली, पण सकाळच्या चहाबरोबर. चहा पोटातलं लोह अडवतो. किंवा कॅल्शियमच्या गोळीसोबत एकाच घोटात घेतली. कॅल्शियम ५०० मिलिग्रॅम दिवसातून दोनदा असतं आणि दोन्हींत किमान दोन तासांचं अंतर लागतं. दोन्ही पाकिटं एकदम हातात देऊन ‘रोज घ्यायच्या’ म्हणून सांगितलं की हेच होणार. कॅल्शियम सकाळच्या आणि दुपारच्या भाकरीबरोबर, लाल गोळी रात्री झोपताना लिंबूपाण्याच्या घोटासोबत, एवढं एक वाक्य नीट सांगितलं तरी निम्मं काम होतं. इतकं करूनही रक्त चढत नसेल तर मात्र जंत, हिवताप किंवा सिकलसेल या रक्ताच्या आनुवंशिक आजाराचा शोध घ्यायलाच हवा.

आणि वेळेचंही गणित आहे. चौतीस आठवडे उलटल्यावर ८.६ला गोळ्यांवर ठेवणं म्हणजे फॉर्म भरणं. रक्त चढायला तेवढे दिवसच उरलेले नसतात. तेव्हा शिरेतून लोह द्यावं लागतं: आयर्न सुक्रोज एका वेळी २०० मिलिग्रॅम, सलाइनमधून, एक दिवसाआड, किंवा फेरिक कार्बॉक्सिमाल्टोज, ज्यात १००० मिलिग्रॅम एकाच बैठकीत पंधरा-वीस मिनिटांत जातं. मजुरी बुडवून पाच वेळा येणं आणि एकदा येणं यात खेड्यातल्या बाईच्या दृष्टीनं केवढा फरक आहे, हे औषधखरेदीच्या टेबलावर कुणाला दिसतं की नाही कोण जाणे. बाटलीची किंमत तिथं दिसते, बाईच्या चार फेऱ्यांची दिसत नाही.

बाळाच्या बाजूनं पाहा. आईकडून वारेतून बाळाला लोह पोचतं ते मुख्यतः शेवटच्या तीन महिन्यांत. आईचंच भांडं रिकामं असेल तर बाळ हलकं, बऱ्याचदा दिवसांआधी, आणि लोहाची शिदोरी न घेता येतं. सहा महिन्यांचं होईपर्यंत तेही फिकं पडतं. जन्मल्यावर लगेच नाळ न कापता एक ते तीन मिनिटं थांबलं तरी वारेतलं बरंचसं रक्त बाळाकडं जातं. याला एक पैसा लागत नाही. लागतो तो धीर, आणि बाळंतपणाच्या खोलीत नेमका त्याचाच दुष्काळ असतो.

सिकलसेलचं प्रकरण या भागात वेगळं काढावं लागतं. गडचिरोली, चंद्रपूर, गोंदिया, भंडारा, नागपूर, अमरावतीचा मेळघाट, इथल्या आदिवासी आणि अनुसूचित जातींच्या वस्त्यांत हा आजार पिढ्यान्‌पिढ्या आहे. जुलै २०२३मध्ये केंद्रानं त्याच्या निर्मूलनाचं राष्ट्रीय अभियान सुरू केलं, तपासण्या वाढल्या, हे चांगलंच झालं. पण सोल्युबिलिटी चाचणीत रक्त गढूळ झालं एवढ्यानं बाई वाहक आहे की रुग्ण, हे कळत नाही. त्याला इलेक्ट्रोफोरेसिस किंवा एचपीएलसी ही मोठ्या प्रयोगशाळेतली तपासणी लागते. तो रिपोर्ट यायला आठवडे जातात. नवरा-बायको दोघंही वाहक असले तर प्रत्येक खेपेला बाळ रुग्ण असण्याची शक्यता चारात एक. गर्भाची तपासणी अकराव्या-बाराव्या आठवड्यापासून करता येते, निर्णय जोडप्याचा. पण बाई चौथ्या महिन्यात आली, तिची चाचणी पाचव्यात झाली, रिपोर्ट सहाव्यात आला आणि नवऱ्याचं रक्त घ्यायचं राहूनच गेलं, तर त्या जोडप्यासमोर कुठला निर्णय उरतो? चाचणी झाली, अशी नोंद मात्र आहे. बाई स्वतः रुग्ण असेल तर तिच्या बाळाची वाढ खुंटणं, रक्तदाब चढणं, दिवसांआधी बाळंत होणं यांचा धोका मोठा असतो. तिला फॉलिक ॲसिड ५ मिलिग्रॅमचं लागतं, आणि लोह मात्र कमतरता सिद्ध झाल्याशिवाय डोळे झाकून द्यायचं नसतं. ‘एचबी कमी, गोळ्या डबल’ हा सरधोपट मंत्र इथं चुकतो.

रक्तदाबाकडं परत येऊ. बाई चार किलोमीटर चालत आली, लगेच पट्टा बांधला, हात लोंबता, गप्पा चालू. हे मोजमाप नव्हे. लघवी करून यायचं, पाठ टेकून पाच मिनिटं बसायचं, पाय जमिनीवर, आढी नको, हात छातीच्या उंचीवर टेकवलेला. पट्ट्याची खालची कड कोपरापासून दोन-अडीच सेंटीमीटर वर. पट्ट्याचं माप तर कुणाच्या ध्यानातच नसतं. चाळीस-बेचाळीस किलोच्या बाईचा दंड एकवीस-बावीस सेंटीमीटरचा असतो. तिला मोठ्या मापाचा पट्टा लावला की आकडा खऱ्यापेक्षा कमी दिसतो. म्हणजे ज्या बाईचं बाळ आधीच हलकं असण्याची शक्यता जास्त, तिचाच वाढलेला रक्तदाब यंत्र लपवतं. लहान मापाचा पट्टा उपकेंद्राच्या खरेदी यादीत घालायला किती खर्च येतो? फार नाही.

वीस आठवड्यांनंतर १४०/९०च्या वर दोनदा, चार तासांच्या अंतरानं, आणि सोबत लघवीत प्रथिनं, ही प्रीएक्लॅम्पसिया. वारेच्या रक्तवाहिन्या नीट रुजलेल्या नसतात, बाळाला रक्त कमी पडतं, ते आत उपाशी राहतं. म्हणून लघवीची पट्टी प्रत्येक भेटीत. पण अंगणवाडीत संडास नाही किंवा कुलूप लावलेला आहे, तर बाई लघवी देणार कुठं? कार्डावर ‘निरंक’ लिहिलं जातं. पोटाचंही तसंच. पलंग आणि पडदा नसेल तर बाई पोट उघडं करत नाही आणि सिस्टरही आग्रह धरत नाही. मग टेपनं गर्भाशयाची उंची मोजली जात नाही. चोविसाव्या आठवड्यापासून ती साधारण आठवड्याइतके सेंटीमीटर असते. तीनेक सेंटीमीटरनं मागं पडली तर बाळ वाढत नाही असा संशय घ्यायचा. पाच रुपयांच्या टेपनं कळणारी गोष्ट बाळ जन्मल्यावर काट्यावर कळते.

१६०/११० आणि डोकं ठणकतंय, डोळ्यांपुढं अंधारी, छातीखाली दुखतंय, अशी बाई समोर आली तर चिठ्ठी लिहून ‘वर जा’ म्हणणं गुन्ह्याच्या जवळ जातं. झटके टाळणाऱ्या मॅग्नेशियम सल्फेटचा पहिला डोस, प्रत्येक कुल्ल्यात खोलवर ५ ग्रॅम, आरोग्यसेविकेला देता येतो. तो देऊनच गाडीत बसवायचं. झटके आल्यावर १०८ येते. यायला हवी ती त्याआधी.

खारपाणपट्ट्याबद्दल एक गोष्ट जाता जाता. बांगलादेशच्या किनारी भागात खारं पाणी आणि गरोदरपणातला रक्तदाब यांचा संबंध अभ्यासांत दिसला आहे. अकोला, अमरावती, बुलढाण्याच्या ज्या गावांत विहिरीचं पाणी तोंडात धरवत नाही, तिथं हा प्रश्न कुणीतरी नीट तपासायला हवा. तोवर तिथल्या प्रत्येक गरोदर बाईचा रक्तदाब जास्त काळजीनं मोजावा, इतकं तरी करता येईल.

साखरेचं थोडक्यात: ७५ ग्रॅम ग्लुकोज ३०० मिली पाण्यात, दोन तासांनी रक्त, १४० किंवा वर म्हणजे गर्भारपणाचा मधुमेह. पहिल्या भेटीत एकदा आणि चोवीस ते अठ्ठावीस आठवड्यांत पुन्हा. उपाशी यायची गरज नाही, तरी ‘उपाशी या’ सांगतात आणि बाई चक्कर येऊन परत जाते. अर्ध्या तासाच्या आत उलटी झाली तर ती चाचणी बाद. निदान हुकलं की बाळ थोराड होऊन खांद्यात अडकतं, आणि जन्मल्यावर पहिल्या काही तासांत त्याची साखर एकदम खाली जाते. अशा बाळाला तासाभरात छातीशी लावलंच पाहिजे.

कार्डावर ज्यांना रकानाच नाही अशा दोन गोष्टी. एक, खर्रा. सुपारी, तंबाखू आणि चुना घोटून केलेला हा ऐवज गडचिरोली-चंद्रपूरकडं बायकाही खातात, आणि दिवस गेल्यावर मळमळीवर उतारा म्हणून वाढवतात. न ओढता चघळलेल्या तंबाखूनंही बाळाचं वजन घटतं, दिवसांआधी बाळंत होण्याचा आणि मेलेलं बाळ जन्मण्याचा धोका वाढतो. ‘खर्रा खाता का?’ हा प्रश्न सासूसमोर नाही विचारायचा. एकटीला विचारायचा, आणि हो म्हणाली तर रागावायचं नाही, नाहीतर पुढच्या वेळी ती खोटं सांगेल. दुसरी, काम. वेचणी किलोवर असते. सातव्या महिन्यातली बाई दिवसभर पऱ्हाटीत वाकून कापूस वेचते, कारण वाकली नाही तर पैसे नाहीत. पूर्वेकडं हेच धानाच्या रोवणीत, गुडघाभर चिखलात. २०१७ साली यवतमाळ जिल्ह्यात फवारणीच्या विषबाधेनं माणसं मेली तेव्हा मास्क आणि हातमोज्यांची पुष्कळ चर्चा झाली. फवारलेल्या शेतात दुसऱ्याच दिवशी निंदायला गेलेल्या गरोदर बाईबद्दल फारसं कुणी बोललं नाही. मातृवंदना योजनेचे पाच हजार आणि आदिवासी भागात अमृत आहाराचं एक वेळचं ताट, दोन्ही मोलाचं आहे. पण पैसे कागदांत अडकून बाळ चालायला लागल्यावर आले, तर त्या पैशानं सातव्या महिन्यातली वेचणी थांबत नाही.

आता नेहमीचे आक्षेप. पहिला: सिस्टरला वेळ नाही. यात तथ्य आहे. रिक्त पदं आणि पोर्टलांची भरताड कुणी नाकारणार नाही. तरी हिशेब करून पाहू. पाच हजार वस्तीच्या उपकेंद्रात, हजारी पंधराच्या जन्मदरानं, वर्षाला पंच्याहत्तर-ऐंशी बाळंतपणं. चार तपासण्या धरल्या तर ३२०, महिन्याला सत्तावीस. प्रत्येकीला वीस मिनिटं दिली तर महिन्याचे नऊ तास. एवढा वेळ निघत नाही, हे पटत नाही. गडबड होते ती सगळं एकाच सकाळी कोंबल्यामुळं: सहा-सात गरोदर बाया आणि पंधरा-वीस लेकरांचं लसीकरण, अंगणवाडीच्या एका खोलीत, रडारड चालू. दर महिन्याच्या ९ तारखेला प्राथमिक आरोग्य केंद्रात हीच गत. २०१६पासून चालू असलेली ही सुरक्षित मातृत्वाची मोहीम मुळात चांगली आहे. पण तीस हजार वस्तीच्या केंद्रात महिन्याला पस्तीस-चाळीस बाया येणार, डॉक्टर एक, वेळ दहा ते दोन. वाट्याला सहा मिनिटं. त्यात कार्डावर जोखमीचा लाल स्टिकर लावून होतो, त्याच्या पुढचं होत नाही. लसीकरणाचा दिवस आणि गरोदर बायांचा दिवस वेगळे करा. वेचणीच्या आणि रोवणीच्या दिवसांत तपासणी संध्याकाळी ठेवा.

दुसरा आक्षेप: बाया ऐकत नाहीत, भूमकाकडं, म्हणजे गावच्या मांत्रिक-वैदूकडं, जातात, अंधश्रद्धा. मेळघाटाचं नाव निघालं की हे वाक्य हमखास येतं. भूमका रात्री दोन वाजता घरी येतो, कोरकूत बोलतो आणि खेकसत नाही. यातल्या दोन गोष्टी तरी आपल्याला जमायला हव्यात. आणि ९४.७ टक्के बाया दवाखान्यात बाळंत होत असतील तर ‘येत नाहीत’ ही सबब कितीशी टिकते?

तिसरा आक्षेप जास्त गंभीर आहे: जन्मल्यानंतरची काळजी नीट घेतली तर बाळं वाचतात, मग आधी एवढा आटापिटा कशाला? त्याला पुरावाही विदर्भातलाच आहे. डॉ. अभय आणि डॉ. राणी बंग यांच्या ‘सर्च’ या संस्थेनं गडचिरोलीच्या ३९ गावांत घरोघर नवजात बाळांची काळजी घेणाऱ्या आरोग्यदूत उभ्या केल्या आणि नवजात मृत्युदर सुमारे ६२ टक्क्यांनी खाली आला, १९९९ साली ते ‘लॅन्सेट’मध्ये छापून आलं. आशाताईंच्या आजच्या घरभेटी त्याच कामातून आल्या. हे काम मोठंच. पण घरभेटीनं वाचलेलं १६०० ग्रॅमचं बाळ वाचतं, तरी ते १६०० ग्रॅमचंच जन्मलेलं असतं. ते २६०० ग्रॅमचं जन्मावं यासाठी जे करायचं ते नाळ कापण्याआधीच करायचं असतं.

अंतराचं दुखणं आहेच. भामरागडहून गडचिरोली, धारणीहून अमरावती, हे रस्ते कळा सुरू झाल्यावर कापायचे नाहीत. पर्लकोटेला पूर आला की भामरागड तुटतं, हे दरवर्षी माहीत असतं. जिची तारीख जुलै ते सप्टेंबरात पडते आणि जिच्या कार्डावर लाल स्टिकर आहे, तिला छत्तिसाव्या आठवड्यातच आरोग्य केंद्राच्या ‘माहेरघरात’ (बाळंतपणाआधी राहायची सोय) किंवा तालुक्याला आणून ठेवायचं. इथंही पुन्हा तारीख बरोबर हवी. आणि पहिलं बाळंतपण माहेरी ही रीत लक्षात घेऊन सातव्या महिन्यात कार्डाबरोबर माहेरच्या आशाताईला एक फोन गेला पाहिजे. ओटीभरण झालं आणि बाई गाव बदलून गेली, की सासरच्या यादीत ती ‘स्थलांतरित’ आणि माहेरच्या यादीत नाहीच.

मग बैठकीत मोजायचं काय? बारा आठवड्यांच्या आत आलेल्यांची संख्या आज मोजतातच, ती राहू द्या. तिच्या शेजारी हे रकाने घाला. १०च्या खाली हिमोग्लोबिन असलेल्यांपैकी किती जणींचं चार आठवड्यांत १ ग्रॅमनं वाढलं. १४०/९०च्या वर निघालेल्यांपैकी किती जणींना दोन दिवसांच्या आत डॉक्टरनं पाहिलं. सिकलसेल वाहक निघालेल्यांपैकी किती नवऱ्यांची चाचणी झाली, आणि कितव्या आठवड्यात. चौतीस आठवड्यांआधी बाळंत झालेल्यांपैकी किती जणींना आधी डेक्सामेथासोन मिळालं. हे आकडे सुरुवातीला लाजिरवाणे येतील. येऊ द्या, आणि पहिलं वर्षभर त्यावरून कुणाला नोटीस देऊ नका. दिली की तेही आकडे गोल व्हायला लागतील.

आणखी एक, याला पैसा लागत नाही, फक्त एक स्टेपलर लागतो. नवजात अतिदक्षता कक्षात भरती झालेल्या प्रत्येक बाळाच्या फाइलला त्याच्या आईच्या कार्डाची झेरॉक्स जोडायची, आणि महिन्यातून एकदा त्या बाळाचा डॉक्टर, त्या उपकेंद्राची सिस्टर आणि त्या गावची आशाताई यांनी ती दोन्ही कागदं एका टेबलावर ठेवून वाचायची. बाळाच्या फाइलवर १५८० ग्रॅम. आईच्या कार्डावर वजन पाचव्या महिन्यात ४१, सातव्यात ४१, आठव्यात ४१, आणि रक्तदाब चारही वेळा ११०/७०.